बिनचाकांचा वॉर्ड

नाही, फुलं काढायला माझी हरकत नाही हो! काढा ना! भिंतभर काढा, छतावर काढा, स्वतःच्या टकलावर काढा... पण ज्या भिंतीला लागून माझा नवरा मोडक्या खुब्यानं विव्हळत पडलाय, त्याच भिंतीवर, त्याच्या उशाशी शिडी लावून, पिवळी फुलं काढायची? आणि वर मला म्हणायचं, "मिसेस बूथरॉइड, जरा सरकता का, पाकळी अर्धवट राहिलीय"? अहो, उभा जन्म पब चालवलाय मी! मॅच हरून आलेली माणसं हाताळलीत, कॉलर धरून रस्त्यावर नेऊन ठेवलीत. पण पाकळीवाल्याला काय उत्तर द्यायचं ते मला त्या दिवशी सुचलं नाही... मला! मॉरीन बूथरॉइडला!

थांबा. अशी मधूनच सुरुवात केली तर तुम्ही म्हणाल म्हातारी उगाच कावलीय. पहिल्यापासून सांगते.

तर जानेवारी महिना. बर्फ पडून, वितळून, परत गोठून रस्त्याची नुसती काच झालेली. आणि आमचा डेरेक, वय वर्षं शहात्तर, सपाता घालून बाहेर गेला... कशाला? तर कचऱ्याचा डबा आत घ्यायला. आमचा? छे! आमचा मी कधीच आत घेतला होता. शेजाऱ्याचा! शेजारी तिकडे स्पेनमध्ये समुद्रावर पोट उघडं टाकून लोळतोय आणि त्याचा डबा रस्त्यावर एकटा उभा आहे, हे डेरेकला बघवेना. तुम्हाला सांगते, आमच्या गल्लीत एखादा माणूस चार दिवस दिसला नाही तर कुणी विचारणार नाही, पण डबा संध्याकाळपर्यंत बाहेर राहिला की घरोघरचे पडदे हलायला लागतात. गेला, घसरला, आणि काटकन आवाज झाला तो मला स्वयंपाकघरात ऐकू आला. धावत गेले तर हा आडवा, तोंड पांढरंफटक, आणि मला म्हणतो काय, "मॉरीन, डबा सरळ उभा आहे का बघ गं."

फोन केला. फोनवरची पोरगी मध ओतल्यासारखी बोलते, "पेशंट श्वास घेतायत का?" म्हटलं, "अगं बाई, तो डब्याबद्दल बोलतोय, श्वास घेतल्याशिवाय बोलेल कसा?" "अरे वा, छान! म्हणजे तुमचं तातडीचं नाही. वाट बघा हं." वाट बघा! बर्फावर! घरातली झाडून सगळी पांघरुणं त्याच्यावर घातली, समोरच्यांनी बागेतली छत्री आणून रोवली, अख्खी गल्ली चहाचे मग घेऊन भोवती उभी... आणि डेरेकला चहा द्यायचा नाही! का, तर ऑपरेशन लागलं तर? तो खाली आडवा आणि सगळे त्याच्या तोंडावर फुर्र फुर्र करून पितायत! शेवटी अंधारायच्या बेताला ॲम्ब्युलन्स आली. तिच्यातून उतरला टेरी, दरवाजाएवढा रुंद गडी, पण चेहरा रडकुंडीला आलेला. म्हणतो, "माफ कर गं राणी. सकाळपासून हॉस्पिटलच्या दारातच उभे होतो. आत जागा नाही म्हणून गाडीतला पेशंट उतरवून घेत नाहीत. तुझा पत्ता गाडीतल्या पडद्यावर दिसत होता आणि गाडी हलवता येत नव्हती."

म्हणजे आलं का लक्षात? रस्त्यावर पडलेल्या म्हाताऱ्याला आणायची गाडी हॉस्पिटलच्या दारात उभी, कारण हॉस्पिटल भरलंय म्हणून ती गाडीच हॉस्पिटल झालीय! मग आम्हीही गेलो, आम्हीही उभे राहिलो. गाड्यांची ही रांग, आणि प्रत्येक गाडीत एकेक म्हातारं कण्हतंय.

कधीतरी आत घेतलं. आत म्हणजे कुठं? कॉरिडॉरमध्ये. एका टोकाला ॲम्ब्युलन्सचं दार, ते उघडलं की वारा थेट हाडात. दुसऱ्या टोकाला एक्स-रे. आणि मधे भिंतीला लागून ट्रॉल्याच ट्रॉल्या, एकाचे पाय दुसऱ्याच्या डोक्याशी. आमच्या वाट्याला कुठली जागा आली? ते आग विझवायचं लाल नळकांडं भिंतीला टांगलेलं असतं बघा, बरोब्बर त्याच्याखालची. डेरेकनं डोळे उघडले की नळकांडं. मिटून उघडले की नळकांडं. तिथली नर्स जोसेलिन, फिलिपाइन्सची, एवढीशी मूर्ती, पण पायाला भिंगरी! तिला विचारलं, "बाळा, बेड कधी मिळेल गं?" ती म्हणाली, "मिसेस बी, तुम्हाला खोटं कसं सांगू?" बस्स. त्या अख्ख्या इमारतीत माझ्याशी सरळ बोललेलं ते पहिलं आणि शेवटचं वाक्य.

आणि मी घाबरले होते हो. इथं तोंड चालवतेय ते सोडा, तेव्हा मी दर पाच मिनिटांनी डेरेकच्या छातीला कान लावत होते. आमच्या पबात कोपऱ्यातल्या टेबलावर एक जण बसायचा, त्याचाही असाच खुबा मोडला होता. आज करू, उद्या करू, परवा करू असं म्हणता म्हणता त्याच्या छातीत भरलं, आणि खुबा राहिला बाजूला, माणूसच गेला. जोसेलिननं मला बाजूला घेऊन सांगितलं होतं, "ऑपरेशन एक-दोन दिवसांत झालंच पाहिजे." म्हणून माझा सगळा जीव त्या एका गोष्टीत अडकलेला... ऑपरेशन कधी? ऑपरेशन कधी?

आता तुम्ही म्हणाल, एवढी आणीबाणी, मग हॉस्पिटलवाले हातावर हात ठेवून बसले होते काय? छे छे! नाव घेऊ नका! धावपळ नुसती! दुसऱ्या दिवशी सकाळी सुटाबुटातली, गळ्यात ओळखपत्राचा पट्टा अडकवलेली माणसं या टोकाकडून त्या टोकाकडे निघाली. ट्रॉल्यांमधून वाट काढत, पेशंटकडे न बघता, "सॉरी, सॉरी, सॉरी" करत. कुठं चालली? मीटिंगला. कशाची मीटिंग? कॉरिडॉरमध्ये गर्दी फार झालीय याची! भिंतीवर एक टीव्ही होता, त्यावर लाल अक्षरात 'दबाव: पातळी चार'. मी त्यातल्या एकाला धरलं, पट्ट्यालाच धरलं. मिस्टर पेटिफर. 'रुग्णप्रवाह प्रमुख' म्हणे! मला वाटलं कालव्यावरचा माणूस चुकून हॉस्पिटलात शिरलाय. म्हटलं, "साहेब, ही पातळी चार म्हणजे काय?" तर डोकं असं तिरकं करून, आवाज असा मऊ करून, "मिसेस बूथरॉइड, मी तुम्हाला ऐकतोय. चार ही सर्वोच्च पातळी आहे. आम्ही सगळेच प्रचंड दबावाखाली आहोत." "बरं, मग चार झाली की तुम्ही काय करता?" "पातळी जाहीर करतो." "आणि जाहीर केल्यावर?" "तिच्यावर लक्ष ठेवतो." "कधीपासून ठेवलंय?" "ऑक्टोबरपासून."

दुपारपर्यंत गर्दी आणखी वाढली. मग त्यांनी काय केलं असेल? सांगा, काय केलं असेल? डॉक्टर वाढवले? वरच्या मजल्यावरचा कुलूप लावून ठेवलेला वॉर्ड उघडला? नाव नको! त्यांनी पातळी वाढवली! चारच्या वर पातळीच नाही, म्हणून 'चार अधिक' अशी नवीन केली, आणि टीव्हीवर लाल अक्षरं होती ती जांभळी केली. टाळ्याही वाजल्या असतील, मला ऐकू आल्या नाहीत इतकंच. आणि डेरेक? डेरेक तिथंच, नळकांड्याखाली!

बरं, तेवढ्यावर थांबतील तर शपथ! नर्सांवर ताण आलाय हे कुणाच्या तरी लक्षात आलं. अरे वा, म्हटलं, उशिरा का होईना, अक्कल आली. मग जोसेलिनला मदतीला दोन बाया दिल्या? छे! तिला ताण सोसायच्या शिकवणीला बसवलं! कामाच्या मधे! "श्वास आत घ्या... तुम्ही एक झाड आहात... श्वास बाहेर सोडा..." इकडे डेरेकच्या दुखण्याच्या गोळीची वेळ टळून गेलेली, तो ओठ चावून पडलेला, आणि त्याची नर्स शेजारच्या खोलीत झाड झालेली! पोरगी परत आली ती पळतच, डोळ्यात पाणी, म्हणाली, "मिसेस बी, मला उठूच देत नव्हते." तिच्यावर काय ओरडणार मी? तिला माझ्या डब्यातलं अंड्याचं सँडविच दिलं. उभ्यानं, दोन घासांत संपवलं तिनं.

आता ऐका, खरी गंमत पुढंच आहे. लंडनहून तपासणीवाले येणार अशी बातमी आली. आणि नियम काय? तर पेशंटला बारा तासांच्या वर कॉरिडॉरमध्ये, ट्रॉलीवर, ताटकळत ठेवायचं नाही. ठेवलं तर साहेबांची मान जाते. इथं तर निम्मी मंडळी दीड-दीड दिवस पडलेली. मग मीटिंग झाली. दार बंद करून, बिस्किटं मागवून झाली, मी बिस्किटांची थाळी आत जाताना पाहिली ना! आणि बाहेर आले ते चेहरे उजळूनच. पेटिफर मला म्हणतो, "मिसेस बूथरॉइड, आनंदाची बातमी! आता या कॉरिडॉरमध्ये एकही पेशंट राहणार नाही!" मी म्हणते, देवा, पावलास रे! मी डेरेकची पिशवी भरायला घेतली, चष्मा, कवळी, सपाता... "कुठल्या वॉर्डात नेताय?" तर हसतो आणि म्हणतो, "नेत नाही. वॉर्डच इथं येतोय."

म्हणजे काय? तर कॉरिडॉरला वॉर्ड म्हणायचं! एक पाटी ठोकली, 'प्रिमरोझ वॉर्ड'. तो पाकळीवाला आला, शिडी लावून पिवळी फुलं काढायला लागला. आणि त्याच्या मागून दोघे जण पाने-पकड घेऊन आले आणि ट्रॉल्यांची चाकं काढायला बसले. चाकं! अहो, ट्रॉलीवर पेशंट ठेवायचा नाही ना? मग ट्रॉलीला ट्रॉली कशामुळं म्हणायचं? चाकांमुळं! चाकं काढली की झाला बेड! मी म्हटलं, "अरे शहाण्यांनो, खऱ्या बेडलाही चाकं असतात की!" तर पेटिफर म्हणतो, "ती बेडची चाकं आहेत. ही ट्रॉलीची होती." त्याच्यापुढं मी हात टेकले. सगळ्या ट्रॉल्या खाली विटांसारख्या ठोकळ्यांवर टेकवल्या, चाकं गोणपाटात भरली आणि तळघरातल्या कोठारात नेऊन कुलूप घातलं. एक जण डेरेकजवळ येऊन म्हणतो, "अभिनंदन, मिस्टर बूथरॉइड! तुम्हाला बेड मिळाला!" डेरेकनं डोळे उघडले, वर पाहिलं, नळकांडं होतं. मिटले.

आणि वॉर्ड झाला म्हटल्यावर वॉर्डाचे नियम आले ना! कुणी एक बाई घड्याळ बघत आली, "भेटायची वेळ संपली. नातेवाईकांनी बाहेर जावं." "बाहेर कुठं?" "बाहेर कॉरिडॉरमध्ये थांबा." म्हटलं, "बाई, हाच तो!" ती जरा गोंधळली, इकडं पाहिलं, तिकडं पाहिलं, आणि मग फुलाकडं बोट दाखवून म्हणते, "नाही, हा वॉर्ड आहे." मी जागची हलले नाही. मला हलवायला फुलं पुरत नाहीत, तुम्हाला सांगते.

तपासणीवाले आले. दोघं. स्वच्छ बुटांचे. पेटिफर पुढं, "हा आमचा नवीन प्रिमरोझ वॉर्ड, दबावाला दिलेला आमचा कल्पक प्रतिसाद..." त्यातल्या एकानं डेरेककडं वाकून विचारलं, "काय आजोबा, या वॉर्डात बरं वाटतंय ना?" आता आमचा डेरेक म्हणजे बसड्रायव्हर. सबंध नोकरीत पाटीवर लिहिलं त्याच गावाला बस नेलेला माणूस. तो म्हणतो, "वॉर्ड? कुठला वॉर्ड? मी कॉरिडॉरमध्ये आहे." ॲम्ब्युलन्सचं दार तेवढं करकरलं. आणि पेटिफर, तोंडावरची माशी हलू न देता, डेरेकचा खांदा थोपटून, हलक्या आवाजात, "या वयात खुबा मोडला की थोडा भ्रम होतो बिचाऱ्यांना." तपासणीवाल्यांनी माना हलवल्या, च् च् केलं आणि गेले.

गेले ते गेले, पण 'भ्रम' मागं ठेवून गेले ना! मिस्टर बूथरॉइडना भ्रम झालाय म्हणून तासाभरात एक पोरगेला डॉक्टर आला. "ऑपरेशनची वेळ आजच मिळतेय," म्हणाला. माझा जीव भांड्यात पडतोय तोवर पुढं म्हणाला, "पण पेशंटला भ्रम असेल तर त्याचा होकार आम्हाला धरता येत नाही. मग आधी भ्रमाचे तज्ज्ञ बघतील." "ते कधी येतील?" "सोमवारनंतर." सोमवारनंतर! अहो, तोवर ह्याची छाती भरेल! म्हटलं, "त्याला काही भ्रम नाहीये हो, विचारा तुम्ही काय विचारायचं ते!" त्यानं विचारलं, "आजोबा, साल कुठलं?" बरोबर. "पंतप्रधान कोण?" नाव बरोबर, पुढं एक शिवी, तीही बरोबर. "आणि आता तुम्ही कुठं आहात?"

"कॉरिडॉरमध्ये."

"जरा विचार करून सांगा."

"नळकांड्याखाली. कॉरिडॉरमध्ये."

पोरगं कसनुसं झालं. खाली मान घालून म्हणतं, "आजोबा, मला 'प्रिमरोझ वॉर्ड' असं उत्तर लागतं. मी तरी काय करू?" डेरेक म्हणतो, "पाटी बदलली म्हणून बस दुसऱ्या गावाला जात नाही, पोरा." बोंबला! आता ह्याला कोण समजावणार? आमचा डेरेक एकदा अडला की अडला. लग्नाच्या दिवशी चर्चमध्ये पाद्रीबाबांनी माझं नाव चुकीचं उच्चारलं तर हा शपथ पुढं घेईना, तसला माणूस! खरं सांगते, एरवी त्याचा मला अभिमान वाटला असता. पण त्या वेळी त्याचा चेहरा राखेसारखा झाला होता, श्वास घेताना छातीत बारीक घरघर यायला लागली होती, आणि ती घरघर मी ओळखत होते. मी त्याच्या कानाशी वाकले. म्हटलं, "डेरेक, आपल्या संसारात मी तुला कधी खोटं बोलायला लावलं नाही. आज बोल. तू बरोबर आहेस, मला ठाऊक आहे, ह्या पोराला ठाऊक आहे, सगळ्या हॉस्पिटलला ठाऊक आहे. पण मला घरी एकटं जायचं नाहीये रे." त्यानं माझ्याकडं पाहिलं. मग डोळे मिटले, आणि दाढ उपटताना येतो तसल्या आवाजात म्हणाला, "प्रिमरोझ वॉर्ड."

"शाब्बास! भ्रम उतरला!" म्हणत डॉक्टर पळाला.

आणि दहा मिनिटांत वॉर्डबॉय आले, "चला, बूथरॉइड, ऑपरेशनला!" ब्रेक सोडायला पाय घातला... ब्रेक कुठाय? वाकून बघतात तर चाकंच नाहीत! "अहो, ही हलवायची कशी?" शेजारची ट्रॉली? तिलाही नाहीत. पलीकडची? नाहीत. दुसरीकडून आणा! तर दुसरीकडच्या सगळ्या आधीच प्रिमरोझमध्ये आणून बेड केलेल्या! तळघरातून चाकं आणा! किल्ली कुणाकडे? मालमत्ता विभागाच्या साहेबांकडे. साहेब कुठं आहेत? मीटिंगमध्ये. कसली मीटिंग? ॲम्ब्युलन्समधले पेशंट उतरवायला ट्रॉल्या कमी का पडतायत, याची! मी म्हटलं, चौघांनी उचलून न्या. तर म्हणे, उचलायची शिकवणी घेतल्याशिवाय उचलता येत नाही, आणि शिकवणी दबावामुळं रद्द झालीय. तिकडून ऑपरेशनवाल्यांचा निरोप, "पेशंट येतोय का पुढच्याला घेऊ?" आणि डेरेक? डेरेक तिथंच, ठोकळ्यांवर!

मग मात्र मी पब बंद करताना मारायचे ना, तसली हाक मारली. "टेरीऽऽऽ!" दार उघडंच होतं, बाहेर त्याची गाडी उभी, सकाळपासून. आत ट्रॉली नाही म्हणून त्याचा पेशंट उतरत नव्हता. टेरी धावत आला. म्हटलं, "तुझं स्ट्रेचर दे." तो म्हणतो, "राणी, त्याच्यावर आयडाबाई आहेत." मी गाडीत डोकावले. आयडाबाई म्हणजे काडीसारखी म्हातारी, तोंडाला ऑक्सिजन लावलेला. तिनं नळी बाजूला केली आणि म्हणाली, "काय झालंय?" मी सांगितलं. चाकं सांगितली, फुलं सांगितली. तिनं ऐकून घेतलं आणि टेरीला म्हणाली, "मला त्या खुर्चीवर बसव रे. बसून मरायची नाही मी." आणि मला म्हणाली, "ने गं, ने तुझ्या नवऱ्याला. आणि त्या चाकं काढणाऱ्याच्या कानफटात माझीही एक दे." तुम्हाला सांगते, तिथं मात्र माझ्या डोळ्यांतून पाणी आलं. टेरीनं आणि त्याच्या जोडीदारानं, त्यांना उचलायची शिकवणी मिळालेली होती बरं का, डेरेकला अलगद उचललं, स्ट्रेचरवर घातलं आणि पळवत नेलं. कॉरिडॉरमधून! माफ करा, वॉर्डामधून!

ऑपरेशन झालं. झकास झालं. कापणारी डॉक्टरीण हुशार, हात सोन्याचा, तिला नाव ठेवायला माझी जीभ रेटणार नाही. आयडाबाईंचं स्ट्रेचर त्यांना परत पोचलं, हेही मी स्वतः बघितलं. आणि डेरेकला शुद्ध आल्यावर मी विचारलं, "आता कुठल्या वॉर्डात?" तर तिथली बाई कॉम्प्युटरमध्ये बघून कौतुकानं म्हणते, "काळजी करू नका, तुमचा बेड तुमच्यासाठीच राखून ठेवलाय!" नेलं परत. आणि डेरेक? जाऊ दे, तुम्हाला ठाऊक आहे.

पण डेरेक सुधारत होता हो. चौथ्या-पाचव्या दिवशी व्यायाम शिकवणारी पोरगी आली, गुलाबी बूट, चिमणीसारखी, जेम्मा. "चला मिस्टर बूथरॉइड! हा वॉकर धरायचा, आणि कॉरिडॉरच्या त्या टोकापर्यंत चालून दाखवायचं. जमलं की घरी!" कॉरिडॉरच्या! मी आणि डेरेकनं एकमेकांकडं पाहिलं. जेम्मा इकडं बघते, तिकडं बघते, "कुठाय कॉरिडॉर?" म्हटलं, "बाळा, तो गेला. परवाच वारला." ती कॉम्प्युटरशी गेली, परत आली, तोंड एवढंसं. "या मजल्यावर कॉरिडॉर नाहीच आहे! आणि वॉर्डात चाललेलं परीक्षेला धरत नाहीत." "मग?" "मग कॉरिडॉर उपलब्ध होईपर्यंत थांबावं लागेल."

ती गेली. आणि डेरेक, हा डेरेक हं, जो 'प्रिमरोझ वॉर्ड' म्हटल्यापासून एक अक्षर बोलला नव्हता, त्यानं दोन्ही हातांनी वॉकर धरला, उठला, आणि म्हणाला, "मॉरीन, माझा कोट दे." एक पाऊल, वॉकर, एक पाऊल, वॉकर... जोसेलिननं पाहिलं. गोळ्यांची पुडी माझ्या पर्समध्ये कोंबली, घरी येणाऱ्या नर्सला फोन करते म्हणाली, आणि पाठ वळवून दुसऱ्या पेशंटची उशी सारखी करायला लागली. दाराशी पोचलो तर दार उघडायला कोण? पेटिफर! मला वाटलं, संपलं. त्यानं दार धरलं, डेरेककडं बघून तेच तिरकं हसू हसला आणि म्हणाला, "भेटून आलात वाटतं पेशंटना? सावकाश जा हं, बाहेर निसरडं आहे." एवढे दिवस रोज दहा वेळा त्याच्या पायांशी वळसा घालून गेलेला माणूस! डेरेकनं त्याला मान लववून "थँक यू" म्हटलं. बाहेर टॅक्सी केली, घरी आलो, मी मांसाचं सारण भरलेली स्टेक पाय भाजली, वाटाणे केले, वर भरपूर ग्रेव्ही घातली. डेरेकनं जेवताना पहिल्यांदा वर पाहिलं. छत होतं.

आता संपलं असं तुम्हाला वाटलं ना? मलाही वाटलं. दुसऱ्या दिवशी फोन. "मिसेस बूथरॉइड? प्रिमरोझ वॉर्डातून बोलतोय. नातेवाईकांना रोज खुशाली कळवायची आमची नवी पद्धत आहे. मिस्टर बूथरॉइडना रात्री शांत झोप लागली. नाश्ता व्यवस्थित केला." डेरेक माझ्यासमोर बसलेला, टोस्टला मुरंबा लावतोय! म्हटलं, "अहो, तो इथं आहे. घरी. माझ्या समोर." "नाही हो, इथंच आहेत, बेडवर. कॉम्प्युटरला दिसतायत." "अहो, तो बेड रिकामा आहे! बाहेर ॲम्ब्युलन्सच्या रांगा आहेत, कुणालातरी द्या ना!" तर म्हणतो, "पेशंट असताना बेड दुसऱ्याला कसा देणार? त्यांना सोडायचं तर आधी चालायची परीक्षा. आणि परीक्षेला ते स्वतः हजर लागतील." "मग आणू का त्याला परत?" "आणा की. पण मागच्या दारानं, ॲम्ब्युलन्सच्या रांगेतून."

मी जोसेलिनला फोन करून विचारलं, ती म्हणाली, मिसेस बी, मी सगळं करून बघितलं, तो कॉम्प्युटरमधून निघतच नाही. आयडाबाईंनाही तोच बेड द्यायचा तिनं प्रयत्न केला म्हणे, तर 'जागा भरलेली आहे.' त्यांना अखेर एका खुर्चीवर दोन रात्री काढाव्या लागल्या. आहेत म्हणे अजून. खोकतात, पण आहेत.

तेव्हा आता काय, रोज सकाळी फोन येतो. ह्या घरातल्या डेरेकचा गुडघा दुखतो, हा चहात साखर कमी म्हणून कुरकुरतो, रात्री मला तीनदा उठवतो. तिथला डेरेक उत्तम आहे. वेळेवर झोपतो, वेळेवर खातो, गोळी मागत नाही, तक्रार करत नाही, त्याला भेटायला बायको येऊन भांडत नाही. पेटिफरसाहेब म्हणे मीटिंगमध्ये त्याचं उदाहरण देतात. द्या म्हटलं, द्या. इतकी वर्षं शोधत होतात, शेवटी एकदाचा मिळाला बाबांनो तुम्हाला मनासारखा पेशंट!